न घेतलेलं मीठ

१

गुरुवारी सकाळी त्सुकुदाने संकलनाच्या खोलीतल्या खुंट्या मोजल्या आणि त्याच्या हातातला चहा तसाच राहिला. खुंट्या बारा होत्या, निगेटिव्हच्या गुंडाळ्या अकरा. सातव्या खुंटीवर नुसती कागदाची चिठ्ठी लोंबत होती. दृश्य अठ्ठ्याऐंशी, शॉट सात.

त्याने पुन्हा मोजल्या. टेबलाखाली पाहिलं, कचऱ्याची पिशवी उलटी केली, स्वतःच्या खिशातसुद्धा हात घालून झाला. मग तो स्टुलावर बसला. साठीला आलेला माणूस, चाळीस वर्षं त्याच खोलीत कात्री चालवलेली, आणि आज पहिल्यांदा त्याच्या खोलीतून काही गेलं होतं.

तासाभरात अख्ख्या मिबुगावा स्टुडिओला कळलं. ज्याला त्याला हळहळ वाटली, कारण तो शॉट इसोगाइ तोकुजीचा होता.

तोकुजी म्हणजे टोळीवाल्यांच्या सिनेमांतला मरणारा माणूस. सत्तावीस वर्षांत तो पडद्यावर दोनशे एकोणनव्वद वेळा मेला होता. पाठीत सुरा, छातीत गोळी, जिन्यावरून गडगडत, भाताच्या चिखलात तोंड खुपसून. नायकाने हात उगारला की कोणीतरी कोसळावं लागतं, तो कोसळणारा तोकुजी. क्योतोतली पोरंटोरं त्याला रस्त्यात बघून ‘मेला, मेला’ म्हणून ओरडत, आणि तोही भाजीची पिशवी सांभाळत छातीवर हात ठेवून लडखडून दाखवी. पण त्याचा चेहरा पडद्यावर एकट्याने कधी दिसला नव्हता. श्रेयनामावलीत नाव यायचं ते शेवटी, बारा जणांच्या दाटीत.

या सिनेमात दिग्दर्शक हिरुकावाने त्याला म्हाताऱ्या गिन्झोचं काम दिलं होतं. नायकाच्या मांडीवर गिन्झो प्राण सोडतो, तेव्हा चाळीस सेकंद फक्त त्याचा चेहरा. मंगळवारी तो शॉट एका फटक्यात झाला. दिवे धरणारी माणसंसुद्धा रडली होती.

आता पुन्हा घ्यायचा तर सेट बुधवारीच मोडला होता. नायक मिनेगिशि मंगळवारी संध्याकाळच्याच गाडीने तोक्योला गेला होता. आणि ओबोनला, पितरांच्या सणाला, सिनेमा लागायला नऊ दिवस उरले होते.

व्यवस्थापक ओनिझुका दारात येऊन उभा राहिला. “किल्ली कोणाकडे असते?”

“माझ्याकडे,” त्सुकुदा म्हणाला.

“मग?”

“चार वाजता मी आंघोळीला जातो. उकाडा फार होता, दार उघडं टाकून गेलो. परत आलो, कुलूप घातलं. खुंट्या मोजल्या नाहीत.”

“दार उघडं टाकलं! कोणासाठी?” ओनिझुकाने आवाज चढवला. “मंगळवारी मिनेगिशि कॅन्टीनमध्ये काय म्हणाला ते मला कळत नाही असं वाटतं? ‘त्या म्हाताऱ्याचं तोंड माझ्यापेक्षा मोठं दिसतंय.’ तो तुमच्या गावचा. तुम्ही त्याच्याबरोबर बसून पिता. आणि दुसऱ्याच दिवशी शॉट गायब!”

“मी कापतो,” त्सुकुदा हळूच म्हणाला, “चोरत नाही.”

“उद्या पाचपर्यंत शॉट आणून द्या. नाहीतर पेटी उचला, आणि का उचलली ते मी गेटवर लिहून लावीन.”

कोपऱ्यात उभी असलेली शिओमि किनुए हे सगळं ऐकत होती. पण तिचे डोळे ओनिझुकाकडे नव्हते, सातव्या खुंटीकडे होते. खुंटीवरून भिंतीवर आणि भिंतीवरून खिडकीपर्यंत मुंग्यांची एक बारीक रांग लागली होती.

२

किनुएचं कामच बघण्याचं. सिनेमा तुकड्यातुकड्यांत निघतो. आज शेवट, उद्या सुरुवात. या तुकड्यात सिगारेट कोणत्या हातात होती, बटणं किती लावली होती, जखम कुठवर सुकली होती, हे सगळं नोंदवहीत लिहायचं, म्हणजे जोडताना घोटाळा होत नाही. बावीस वर्षं ती कॅमेऱ्याशेजारी छोट्या स्टुलावर बसून लिहीत आली होती. घरी कोणी नव्हतं. होत्या त्या वह्या, कपाटभर.

पण यंदाच्या वसंतात तिची एक चूक पडद्यावर गेली. नायकाच्या उजव्या दंडाची पट्टी पुढच्या दृश्यात डाव्या दंडावर. एका प्रेक्षकाने वर्तमानपत्राला खवचट पत्र लिहिलं. ओनिझुकाने ते कापून कॅन्टीनच्या भिंतीला डकवलं आणि सगळ्यांसमोर म्हणाला, “शिओमिसान, अजून एक चूक, आणि दार तिकडे आहे.” ते कात्रण अजून तिथेच होतं. ती त्याच्याखाली बसून रोज भात खायची.

त्या दिवशी एकटा त्सुकुदा तिच्याजवळ येऊन बसला होता. म्हणाला होता, “माझ्या चुका मी कापून फेकतो म्हणून दिसत नाहीत. तुझ्या दिसतात, एवढंच.”

आज तोच माणूस स्टुलावर खांदे पाडून बसला होता.

“त्सुकुदासान, मुंग्या कधीपासून?”

“मुंग्या? अगं इथे नोकरी चाललीय माझी, आणि तू मुंग्या कसल्या बघतेस!”

तिने खुंटीवरून बोट फिरवून जिभेला लावलं. गोड. सिनेमातलं रक्त म्हणजे साखरेचा पाक आणि लाल रंग. उन्हाळ्यात मेलेल्या नटांवर माशा बसतात त्या त्यामुळेच. म्हणजे चोर रक्ताच्या हातांनी आला होता. बुधवारी, चार ते पाचच्या दरम्यान, थेट चित्रीकरणावरून.

मिनेगिशि यातून सुटला. बुधवारी तो तोक्योत होता.

आणि आणखी एक. चोराने बारांतली नेमकी एक गुंडाळी उचलली होती, बाकीच्यांना धक्काही लावला नव्हता. म्हणजे त्याला आकडा माहीत होता. निगेटिव्हमध्ये सगळे चेहरे उलटे, काळ्याचं पांढरं. बघून ओळखणं कठीण. प्रत शुक्रवारी निघायची होती. ‘अठ्ठ्याऐंशी-सात’ हा आकडा ठाऊक कोणाला? दिग्दर्शकाला, शॉटच्या आकड्याची पाटी धरणाऱ्याला, तिला स्वतःला, आणि पाटी ज्यांच्या नाकासमोर वाजली त्यांना.

बुधवारी स्टुडिओत मारामारीचं एकच चित्रीकरण होतं, दुसऱ्या युनिटचं. त्यात दोन जण असे होते जे मंगळवारी अठ्ठ्याऐंशी-सातच्या वेळीही हजर होते. गिन्झोला सुरा मारणारा सेनगोकु. आणि स्वतः तोकुजी.

३

सेनगोकु नटांच्या मोठ्या खोलीत उताणा पडून टकलावर ओला रुमाल ठेवून वारा घेत होता. तोकुजीच्याच वयाचा, तोकुजीबरोबरच भरती झालेला.

“या, पोलीसबाई,” तो न उठताच म्हणाला. “विचारायला येणार हे ठाऊक होतं. हो, मला हवा होता तो शॉट. हिरुकावासानच्या पाया पडलो होतो मी. तो म्हणाला, तुझं तोंड बघून लोकांना रडू नाही, भूक लागते.”

“मग चोरला?”

“चोरायची अक्कल असती तर मी टोळीचा नायक झालो असतो. सत्तावीस वर्षं नायकाच्या मागे पिशवी धरून उभा राहिलो नसतो.” रुमाल उचलून त्याने एक डोळा उघडला. “बुधवारी मी कुठे मेलो विचार.”

“कुठे?”

“तळ्यात. तीन वेळा ढकललं. दहा-दहा मिनिटं पाण्यात तरंगत पडलो होतो. बाहेर आलो तो नुकत्याच न्हालेल्या बाळासारखा. रक्त शोधायचं तर तोकुकडे शोध, तो पायऱ्यांवर मेला. कोरडा.”

तिच्या चेहऱ्यावर काय दिसलं कोण जाणे, सेनगोकु उठून बसला.

“ए, तसं नाही म्हटलं मी. तोकु कशाला चोरेल? सत्तावीस वर्षं उपाशी माणूस पहिला घास तोंडाशी आल्यावर ताट फेकून देईल का? आणि काय गं, तो मंगळवारी तुझ्याशी काही बोलला?”

“नाही. का?”

“शॉट झाला, आम्ही सगळे त्याला उचलून नाचवणार होतो. तर हा हात छातीशी धरून पळालाच. मला वाटलं रडू आलं असेल. पण मी बघितला ना चेहरा. रडका नव्हता तो. घाबरलेला होता.”

किनुए तिथून रंगभूषाकार नुकादाकडे गेली. नुकादा सत्तरीचा. या स्टुडिओत एक रीत होती आणि ती नुकादा सांभाळायचा. पडद्यावर मेलेला नट उठला की नुकादा त्याच्या डाव्या खांद्यावर चिमूटभर मीठ टाकायचा आणि म्हणायचा, “उठा, झालं मरून.” प्रेतयात्रेहून आल्यावर माणसं उंबऱ्याबाहेर अंगावर टाकतात ना, तसंच ते. मरण अंगाला चिकटून घरी जाऊ नये म्हणून. कोणी थट्टेवारी न्यायचे, पण मीठ न घेता सेट सोडायची कोणाची छाती नव्हती.

“नुकादासान, मंगळवारी तोकुजींनी मीठ घेतलं?”

म्हाताऱ्याने ब्रश खाली ठेवला. “हे तू आज विचारतेस! मी दोन दिवस झोपलेलो नाही. दोनशे सत्त्याऐंशी वेळा घेतलं त्याने माझ्या हातून, एकदाही चुकला नाही. आणि मंगळवारी मी पुडी घेऊन मागे पळालो तर हा दिसेनासा. बुधवारी म्हटलं, दोन दिवसांचं एकदम घे. तर म्हणाला, ‘आता राहू दे.’ राहू दे म्हणजे काय? मीठ काय भाजीत घालतो मी?”

४

माणूस मरणाला घाबरत नाही तेव्हा कशाला घाबरलेला असतो? किनुए विचार करत गेटसमोरच्या शेवयांच्या दुकानात गेली. पोटात काही ढकलावं, एवढाच हेतू.

मालकीण ओहामा तिला बघताच कमरेवर हात ठेवून उभी राहिली. “बरी सापडलीस! तुमच्या लोकांना सांगून ठेव, शेवया खा, बोटं सोडून जाऊ नका!”

“बोटं?”

“मंगळवारी दुपारी तुमच्याकडून भांडी परत आली. धुवायला घेतली तर एका वाडग्याच्या बुडाला बोट! मी किंचाळले, नवरा माळ्यावरून पडायचा राहिला. मग कळलं, मेणाचं आहे.” तिने फळीवरून चहाची डबी काढून उघडली. आत करंगळीचं मेणाचं थुटूक होतं, एका बाजूने वितळून चपटं झालेलं.

किनुएने डबी हातात घेतली. “वाडगा कोणाचा होता?”

“आता एवढ्या उकाड्यात सगळे गार शेवया मागवतात. गरम रस्सा आणि जाड, मऊ उदोन शेवया मागणारा एकच आहे तुमच्यात. महिनाभर तेच खातो. तेही अर्धं टाकतो. मी विचारलं, माझा हात बिघडला का? म्हणाला, नाही हो, पोट म्हातारं झालंय.”

किनुएने थुटूक रुमालात बांधलं आणि न खाताच निघाली. दृश्य एक्केचाळीसमध्ये म्हातारा गिन्झो टोळीच्या म्होरक्याची माफी मागताना डाव्या हाताची करंगळी कापून देतो. त्यानंतर प्रत्येक दृश्यात तोकुजीची करंगळी मुडपून बांधायची आणि वर मेणाचं थुटूक बसवायचं. मंगळवारी जेवताना गरम वाडग्याने मेण सुटलं आणि बांधलेली करंगळी मोकळी झाली. मिनेगिशीला गाडी गाठायची होती, जेवण अर्धवट टाकून सगळ्यांना सेटवर बोलावलं. हात अंगाखाली दाबलेला होता, कोणाला दिसणार? शॉटमध्ये हात येणारच नव्हता.

पण आला होता. तिला आता आठवलं. शेवटी, संहितेत नव्हतं तरी, गिन्झोने हात वर उचलून नायकाच्या गालाला लावला होता. त्यानेच तर सगळे रडले.

तिने वही उघडली. अठ्ठ्याऐंशी-सात. तिच्या बारीक अक्षरांत सगळं होतं. घामाचे थेंब कपाळावर तीन. ओठांच्या डाव्या कोपऱ्यातून रक्त, हनुवटीपर्यंत. पोटाला गुंडाळलेल्या पांढऱ्या पट्ट्याचे वेढे चार. त्या पट्ट्याचे वेढे जूनमध्ये तीन होते, तेही तिनेच लिहिलं होतं. तोच पट्टा, तेवढाच लांब, आणि वेढा एक वाढला, हे लिहूनही तिच्या ध्यानात आलं नव्हतं.

‘हात’ या रकान्यात काही नव्हतं.

बावीस वर्षांत तिने तो रकाना कधी कोरा सोडला नव्हता. मंगळवारी सोडला. कारण त्या चाळीस सेकंदांत ती हात, पट्टा, रक्त, सगळं विसरून फक्त त्याच्या तोंडाकडे बघत बसली होती.

चोर कोण हे कळलं होतं. का, तेही कळलं. ती तिथेच, भर उन्हात, गेटच्या भिंतीला टेकून उभी राहिली.

५

तोकुजीची खोली कालव्याकाठी, एका तातामी चटया विणणाऱ्याच्या दुकानावर होती. दार उघडं होतं. तो खिडकीशी बसला होता, आणि त्याच्याभोवती चटईभर काळपट फिल्म वळसे घेत पसरली होती.

“या किनुसान,” तो म्हणाला. “तुम्ही येणार हे माहीत होतं. फक्त वाटलं होतं, शनिवार तरी उजाडेल.”

तिने रुमाल सोडून मेणाचं बोट त्याच्यासमोर ठेवलं. तो ते बघून हसला. “अरे! याला कुठे कुठे शोधलं मी.”

“का केलंत हे?” ती म्हणाली. “चूक माझी होती. मला जायला हवं होतं, जाऊ द्यायचं होतं मला!”

“हिरुकावासान ‘झालं’ म्हणाले आणि मी डोळे उघडले. बघतो तर मिनेगिशीच्या गालावर माझा हात, पाचच्या पाच बोटं. आधी वाटलं, आता सगळे ओरडतील. कोणी ओरडलं नाही. मग तुमच्याकडे बघितलं. तुम्ही वही मांडीवर ठेवून रडत होता. मला कॅन्टीनमधलं ते कात्रण आठवलं.” तो थांबला, पोटावर हात दाबून. “शुक्रवारी प्रत पडद्यावर दाखवली असती की ओनिझुकाने पहिली तुमची वही मागितली असती.”

“सत्तावीस वर्षांनी मिळालेला शॉट होता तो तुमचा.”

“हो ना.” त्याने फिल्मचा एक तुकडा उजेडाकडे धरला. “जाळणार होतो. मग म्हटलं, एकदा बघू तरी, मोठं तोंड कसं दिसतं. काल संध्याकाळपासून बघतोय. सगळं काळं. दात तेवढे कोळशासारखे दिसतात, डोळे पांढरे. मी आहे की दुसरा कोणी, काही कळत नाही.”

ती त्याच्यासमोर बसली. फिल्मवर त्याच्या अंगठ्यांचे ठसे उमटले होते, चटईच्या काड्यांनी बारीक ओरखडे पडले होते. त्सुकुदा पांढरे हातमोजे घातल्याशिवाय निगेटिव्हला हात लावत नसे. तोकुजीला ते कोण सांगणार?

“पट्ट्याचे वेढे चार झालेत,” ती म्हणाली.

“तुम्ही लिहिलंत?”

“लिहिलं. समजलं नाही.”

“पोटात गाठ आहे. डॉक्टर म्हणाला, पानगळीपर्यंत. म्हणून तर मीठ नको म्हटलं. नुकादा उगाच आपली मूठ रिकामी करतोय.” मग खिडकीबाहेर बघत, “किनुसान, सत्तावीस वर्षं कॅमेऱ्यामागचे सगळे माझा सुरा बघायचे, रक्त बघायचे, मी कुठे पडतो ते बघायचे. मंगळवारी पहिल्यांदा कोणीतरी माझ्या तोंडाकडे बघितलं. माझा क्लोज-अप तो झाला. दुसरा नसला तरी चालेल.”

किनुए ओंजळीत तोंड लपवून रडली. तो तसाच बसून राहिला. मरायचं कसं ते त्याला येत होतं, रडणाऱ्या बाईसमोर काय करायचं ते कोणी शिकवलं नव्हतं.

“त्सुकुदासानवर आलंय,” शेवटी ती म्हणाली.

तोकुजी ताडकन सरळ झाला. “काय आलंय?”

त्याला माहीतच नव्हतं. तिने सांगितलं, तसा तो खुरडत उठला. “मी जातो. सांगतो, माझं थोबाड मला आवडलं नाही म्हणून चोरला. म्हाताऱ्याचा माज. मला काढून काढून काय काढतील? तुमचं नाव मध्ये यायचं कारण नाही.”

“येईल,” किनुए म्हणाली. “माझ्या वहीत खोटं लिहिलेलं नाही कधी.”

“किनुसान, तुम्हाला या कामाशिवाय दुसरं आहे काय?”

“नाही,” ती म्हणाली, आणि फिल्म गोळा करायला खाली वाकली.

६

त्सुकुदाने हातमोजे चढवले, गुंडाळी उजेडाच्या काचेवर ठेवली आणि भिंग डोळ्याला लावून एक एक चौकट सरकवू लागला. तोकुजी आणि किनुए दाराशी उभे होते, शिक्षा झालेल्या मुलांसारखे.

“हा आला हात,” तो बऱ्याच वेळाने म्हणाला. “शेवटी. अगदी शेवटी. दीड सेकंद.” भिंग काढून त्याने तोकुजीकडे पाहिलं. “एवढ्यासाठी?”

“एवढ्यासाठी.”

“अरे वेड्या, मी इथे कापला असता!” त्सुकुदाने बोट ठेवलं. “हात उचलायच्या आधी. इथून तोडून मिनेगिशीचं तोंड जोडलं असतं. साडेअडतीस सेकंद तुझा चेहरा राहिला असता पडद्यावर. कोणाला कळलं नसतं. हिलाही कळलं नसतं!”

“कापता येतं?”

“माझं कामच ते आहे रे! चाळीस वर्षं दुसरं काय करतोय मी?”

तोकुजी हसायला लागला. कॅमेऱ्यासमोर पडणं त्याला ठाऊक होतं. पडल्यानंतर त्या फिल्मचं काय करतात, हे बघायला तो या खोलीत कधी आलाच नव्हता. पहिल्यांदा आला तो चोरायला. हसता हसता तो दाराच्या चौकटीला धरून खाली बसला, आणि मग त्याचं हसू थांबलं.

“मग आता काप ना,” तो म्हणाला.

त्सुकुदाने फिल्म तिरकी करून त्याला दाखवली. ओरखडे, ठसे, घामाचे डाग. त्याने पुन्हा सुरुवातीपासून शोधलं, दोनदा शोधलं. पूर्ण स्वच्छ अशी एकच चौकट निघाली. एका सेकंदाला चोवीस लागतात.

“मला येऊन सांगायचं होतंस,” त्सुकुदा म्हणाला. “नुसतं येऊन सांगायचं होतंस.”

किनुएने खिशातून पेन काढलं. टेबलावर वही टेकवून तिने कोऱ्या रकान्यात लिहिलं: ‘डावा हात. करंगळी शाबूत दिसते. नोंद घेणारीची चूक.’ खाली सही केली. मग तशीच ओनिझुकाच्या खोलीत गेली आणि वही त्याच्यासमोर उघडी ठेवली.

ओनिझुकाने वाचलं. त्याला ओरडायचं होतं, पण ओरडायला समोरच्या बाईच्या चेहऱ्यावर जागाच दिसली नाही.

“त्सुकुदासानची माफी मागा,” ती म्हणाली. “पाच वाजायच्या आत.”

त्याने मागितली, हे सांगायला हवं. किनुएला त्या महिनाअखेर जावं लागलं. तोकुजीला गेटच्या आत यायची बंदी झाली. ओबोनला सिनेमा लागला तेव्हा दोघांनी तो तिसऱ्या रांगेत बसून पाहिला. गिन्झो मेला तो लांबून, पाठमोरा. थिएटरात कोणी रडलं नाही. बाहेर आल्यावर एक शाळकरी पोरगा ‘मेला, मेला’ करून ओरडला, आणि तोकुजी छातीवर हात ठेवून लडखडला. तिने त्याला सावरलं. त्या वेळी तो खरंच पडत होता.

७

तो गेला तेव्हा झाडं लाल झाली होती. शेवटचे अडीच महिने किनुए रोज त्याच्या खोलीवर गरम उदोन घेऊन जायची. तो अर्धं खायचा, ती किती खाल्लं ते मनात टिपून ठेवायची.

अंत्यविधीच्या वेदीवर फोटो होता. त्सुकुदाने त्या एकाच स्वच्छ चौकटीतून काढलेला, हवा तेवढा मोठा केलेला. मरणाऱ्या गिन्झोचा चेहरा, पण डोळे कॅमेऱ्याच्या थोडे बाजूला, छोट्या स्टुलावर बसलेल्या कोणाकडे तरी बघत असलेले. आलेल्यांपैकी बरेच जण म्हणत होते, याचं तोंड एवढं छान होतं हे आम्हाला माहीतच नव्हतं. सेनगोकु कोपऱ्यात बसून लहान मुलासारखा हुंदके देत होता.

शवपेटी बंद करायच्या आधी जो तो एकेक फूल आत ठेवत होता. किनुएची पाळी आली. तिने आधी हातांकडे पाहिलं. छातीवर जुळवलेले, डावा वर, बोटं पाच. मग तोंडाकडे पाहिलं. मग ती मागे वळली आणि नुकादासमोर हात पसरला.

म्हाताऱ्याला क्षणभर कळलं नाही. कळलं तेव्हा त्याने बाहीतून कागदाची पुडी काढली. त्या मंगळवारपासून ती तशीच बांधलेली होती.

जमलेली माणसं दचकली. मीठ जिवंतांनी स्वतःच्या अंगावर टाकायचं असतं, घरी जाताना. पण किनुएने चिमूट भरली, तोकुजीच्या डाव्या खांद्यावर टाकली आणि सेटवर बोलायचे तशा साध्या आवाजात म्हणाली, “उठा, झालं मरून.”

नुकादाने तोंड फिरवलं. पेटीचं झाकण धरलेली दोन माणसं खोळंबली. किनुए मात्र बावीस वर्षांच्या सवयीने, तो उठून बसेपर्यंत, तशीच उभी राहिली.